मुलांच्या टीव्हीतच करिअर करायचंय, मग मुंबईची ऑफिसातली नोकरी घेऊ का?

प्रश्न : ताई, मी डिचोलीची, वय २७. मास कॉम केलंय आणि पणजीत एका लोकल चॅनलवर कॉन्ट्रॅक्टवर प्रोड्युसर आहे. बातम्या, चवथीचे स्पेशल, इलेक्शन, पडेल ते करते, पण माझा जीव अडकलाय तो रविवारच्या मुलांच्या अर्ध्या तासात. गावोगावच्या शाळांत जातो, मुलं गाणी म्हणतात, गोष्टी सांगतात. आता मुंबईच्या एका मुलांच्या चॅनलची ऑफर आलीय, प्रोग्रॅमिंगमध्ये असोसिएट. म्हणजे शूट नाही, कॅमेरा नाही, स्क्रिप्ट वाचायच्या, शेड्यूल लावायचं, डबिंगवाल्यांच्या मागे लागायचं. मैत्रिणी म्हणतात तू क्रिएटिव्ह, ऑफिसात सुकून जाशील. आई म्हणते सरकारी परीक्षा दे, शेजारच्या मुलीला एलडीसी, म्हणजे क्लार्कची नोकरी, लागली. मावसभाऊ म्हणतो आपलं यूट्यूब चॅनल काढू. मला मुलांसाठी काम करायचंय एवढंच नक्की आहे. पण या कामात माणूस पोचतो कुठे? मला अशी एकही बाई माहीत नाही जिच्याकडे बोट दाखवून आईला सांगेन की हे बघ, हे पण करिअर असतं.
— गोंधळलेली, डिचोली

उत्तर : अगं बाय, आधी निकाल सांगते, कारणं मागाहून. मुंबईची नोकरी घे. आणि जायच्या आधी डिचोलीतच एक काम करून जा, ते पुढे लिहिलंय.

तुझ्या मैत्रिणी काळजीनं बोलतायत हे कळतंय, पण एक गोष्ट त्यांच्या लक्षात आलेली नाही. मुलांसाठी काय बनणार, कुठल्या भाषेत बनणार, त्याला किती पैसे मिळणार आणि ते दुपारी शाळा सुटल्यावर लागणार की सकाळी सगळी मुलं बसमध्ये असताना लागणार, हे शूटवर ठरत नाही. ते त्या टेबलावर ठरतं जिथे तुला आता सगळ्यात खालची का होईना पण खुर्ची मिळतेय. मी बरीच वर्षं मुंबईत मुलांच्या कार्यक्रमांवर काम केलंय, आधी लेखक मग प्रोड्युसर, आणि अशा मीटिंगा पाहिल्यात जिथे सहा माणसं बसलेली आणि त्यातल्या एकानंही महिनाभरात कुठल्या मुलाशेजारी बसून टीव्ही पाहिलेला नव्हता. एका चॅनलवर आम्हाला सांगितलं गेलं की दर काही मिनिटांनी मारामारी घाला नाहीतर मुलं चॅनल बदलतात. कशावरून? कुणी बघितलंय? उत्तर कुणाकडे नव्हतं, पण त्याला आडवं जायला लागणारा आकडा किंवा अधिकार आमच्याकडेही नव्हता. तुझ्यासारख्या मुलीची गरज त्या खोलीत आहे असं मी म्हणते ते याच्यामुळे.

आता बायका. तू म्हणतेस एकही माहीत नाही, मला तर नुसती नावं घ्यायची म्हटलं तरी सदर पुरायचं नाही, पण एकीची गोष्ट नीट सांगते कारण तिच्यात तुझ्या प्रश्नाचं उत्तर जवळजवळ सगळं आहे.

जोन गँझ कूनी. जन्म १९२९, अमेरिकेत अ‍ॅरिझोनाची. शिक्षण बी.एड.सारखं, म्हणजे एज्युकेशनची डिग्री, पण शाळेत न जाता आधी पेपरात रिपोर्टर झाली, मग न्यूयॉर्कला जाऊन टीव्हीच्या पब्लिसिटीत, मग तिथल्या शैक्षणिक चॅनल १३ वर माहितीपट आणि चर्चांचे कार्यक्रम करणारी प्रोड्युसर. मुलांच्या कार्यक्रमाचा अनुभव शून्य, तुला निदान रविवारचा अर्धा तास तरी आहे. १९६६ च्या फेब्रुवारीत तिच्या घरी जेवायला कार्नेगी कॉर्पोरेशन या देणग्या देणाऱ्या संस्थेचे लॉइड मॉरिसेट आले होते, ते मानसशास्त्राचे माणूस, त्यांनी सांगितलं की आमची तीन वर्षांची लेक पहाटे उठून टीव्हीसमोर बसते आणि कार्यक्रम सुरू व्हायच्या आधीचा तो स्थिर चित्राचा टेस्ट पॅटर्न बघत राहते. मग प्रश्न आला, एवढं जर मूल बघतं तर टीव्ही त्याला काही शिकवू शकेल का. यावर कूनीनं काय केलं? लगेच कॅमेरा घेऊन धावली नाही. कार्नेगीच्या पैशांवर काही महिने अमेरिका-कॅनडात फिरून बालमानसशास्त्रवाल्यांना, शिक्षकांना, टीव्हीवाल्यांना भेटली आणि एक रिपोर्ट लिहिला. कागदावर. त्या रिपोर्टवर पुढे कार्नेगी, फोर्ड फाउंडेशन आणि अमेरिकी सरकार मिळून ८० लाख डॉलर उभे राहिले, १९६८ मध्ये चिल्ड्रन्स टेलिव्हिजन वर्कशॉप ही संस्था निघाली, आणि तिची प्रमुख कोण यावर बरीच कुजबुज झाली कारण एवढ्या मोठ्या कामावर बाई नको असं वाटणारे लोक होते. शेवटी तीच झाली. १० नोव्हेंबर १९६९ ला सेसमी स्ट्रीट, एका गल्लीत घडणारा बाहुल्यांचा आणि माणसांचा मुलांचा कार्यक्रम, सुरू झाला. १९९० पर्यंत ती त्या संस्थेची प्रमुख होती. तो कार्यक्रम आजही चालू आहे, आपल्याकडे २००६ च्या १५ ऑगस्टला गली गली सिम सिम म्हणून आला, शाळेच्या युनिफॉर्ममधली ती चमकी तुला आठवत असेल.

आता बघ, कूनीनं त्यात एकही बाहुली हातात घातली नाही, ते काम जिम हेन्सनचं. गाणी तिची नाहीत, स्क्रिप्ट तिच्या नाहीत. तिचं काम म्हणजे रिपोर्ट, बजेट, माणसं निवडणं, पैसे देणाऱ्यांना तोंड देणं, आणि संशोधन करणाऱ्यांना आणि लेखकांना एका टेबलावर बसवून भांडू देणं. हे सगळं तुझ्या मैत्रिणींच्या भाषेत ऑफिसचं काम. पण मला सांग, मग तो कार्यक्रम कुणाचा?

उलटी गोष्ट आपल्या घरची आहे. पुण्याची बालचित्रवाणी. १९८४ साली निघाली, दूरदर्शनवर तिची ती धून लागली की आमच्या पिढीतली मुलं हातातलं टाकून यायची, तुझ्या मोठ्या भावंडांना विचार. तिथे चांगली माणसं होती, स्टुडिओ होता, मराठीत मुलांसाठी शेकड्यानं कार्यक्रम बनले. आणि ती बंद का पडली? निधी आटला. लेखक संपले नव्हते, मुलं संपली नव्हती, पैसा कुठून येणार आणि नव्या काळात हे कुठे दाखवणार ही बाजू लावून धरली गेली नाही आणि शेवटी कुलूप लागलं. मला याचा आजही त्रास होतो. मराठीत मुलांसाठी काही करू म्हणणारे खूप भेटतात, गोव्यात तर प्रत्येक रवींद्र भवनात दोन भेटतील, पण बजेटची शीट वाचून त्यातली कुठली ओळ कापली तरी चालेल आणि कुठली कापली तर कार्यक्रम मरेल हे सांगणारं माणूस फार कमी. तू ते शिक.

असोसिएटच्या कामात तुला काय काय हाताळायला मिळेल ते सांगते कारण ऑफर लेटरमध्ये ते कंटाळवाणं वाटतं. एफपीसी, म्हणजे आठवड्याचं वेळापत्रक, हे लावताना तुला कळेल की कुठल्या वयाचं मूल कधी घरी असतं आणि रिमोट कधी त्याच्या हातात असतो आणि कधी आजीच्या. बार्कचे, म्हणजे कोण किती टीव्ही बघतं त्याचे, आकडे दर आठवड्याला येतात, ते वाचायला शिकशील, आणि हेही शिकशील की आकडा सांगतो टीव्ही चालू होता, मुलाला काय कळलं ते सांगत नाही. बाहेरचा तयार शो विकत घेऊन हिंदीत डब करणं हे इथे नवा शो बनवण्यापेक्षा कितीतरी स्वस्त पडतं, म्हणून आपल्या मुलांना जपानमधली गल्ली पाठ असते आणि स्वतःच्या गावातली माटोळी, चवथीला गणपतीवर टांगतात ती फळाफुलांची, टीव्हीवर कधी दिसत नाही. हे कळल्यावर राग येतो, आला पाहिजे, पण नवा शो कसा मांडला तर मंजूर होतो तेही त्याच टेबलावर कळतं. शोचं बायबल, म्हणजे पात्रं आणि नियम सगळं लिहिलेली वही, कसं लिहितात, पायलट, म्हणजे नमुन्याचा पहिला एपिसोड, कसा करतात, अ‍ॅनिमॅटिक म्हणजे नुसत्या चित्रांवर कच्चा आवाज टाकून आधी बघून घेणं, जेणेकरून महागडं अ‍ॅनिमेशन सुरू व्हायच्या आधीच चूक सापडते. आणि जाहिराती. २०२२ पासून केंद्राच्या ग्राहक संरक्षण प्राधिकरणाच्या नियमांत आहे की मुलांच्या कार्यक्रमात किंवा मुलांच्या चॅनलवर चिप्स, कोल्ड्रिंक असल्या जंक फूडची जाहिरात करायची नाही. मुलांसाठी नियम योग्यच आहे, मी त्याच्या बाजूची आहे, पण पैसा एका दारातून कमी झाला की दुसरं दार शोधावं लागतं, खेळणी, दप्तरं, पुस्तकं, पात्रं वापरायला देण्याचं लायसन्सिंग, आणि तिथेही मुलांच्या बाजूनं बोलणारं कुणीतरी लागतं.

जेराल्डिन लेबोर्न हे नावही लिहून ठेव. आधी शिक्षिका. १९८० मध्ये निकलोडियन या अमेरिकेतल्या मुलांच्या चॅनलमध्ये आली, प्रोग्रॅमिंगच्याच बाजूला, तुझ्या ऑफरसारखी. १९८४ मध्ये चॅनल तोट्यात आणि रेटिंगच्या तळाला होतं तेव्हा तिच्या हातात दिलं गेलं. तिनं मुलांनाच बोलवून ऐकायला सुरुवात केली आणि मुलांना उपदेश नकोय, आपलं म्हणावं असं एक ठिकाण हवंय हे धरून अख्खं चॅनल फिरवलं. १९९१ मध्ये चित्रकारांच्या स्वतःच्या कल्पनांवरची तीन नवी कार्टून एकदम आणली, रगरॅट्स त्यातलंच. १९९६ मध्ये डिस्नेकडे गेली, नंतर ऑक्सिजन नावाची स्वतःची कंपनी काढली. शिक्षिकेपासून नेटवर्कच्या मालकिणीपर्यंत. आईला हे नाव सांगून फायदा नाही, तिच्यासाठी वेगळं लिहिलंय खाली, पण तुझ्या मनातल्या त्या 'पोचतो कुठे' ला हे उत्तर आहे.

आता ते डिचोलीतलं काम.

सेसमी स्ट्रीटच्या मागे एडवर्ड पामर म्हणून संशोधक होते. ते एका मुलाला टीव्हीसमोर बसवायचे आणि टीव्हीच्या बाजूलाच स्लाइड प्रोजेक्टर लावायचे, दर साडेसात सेकंदांनी नवं चित्र. मूल टीव्ही बघतंय की मान वळवून स्लाइड बघतंय, हे कागदावर टिपायचं, बस. कार्यक्रम सुरू व्हायच्या चार महिने आधी, जुलै १९६९ मध्ये, फिलाडेल्फियात पाच ट्रायल एपिसोड दाखवले तेव्हा दिसलं की बाहुल्या आल्या की मुलं खिळतात आणि गल्लीतली खरी माणसं बोलायला लागली की मान वळते. तज्ज्ञांनी आधी बजावलं होतं की बाहुल्या आणि माणसं एकत्र दाखवू नका, मुलांचा गोंधळ होईल. कूनीच्या टीमनं मुलांच्या मानेवर विश्वास ठेवला, तज्ज्ञांचं बाजूला ठेवलं, आणि गल्लीतच राहतील अशा मोठ्या बाहुल्या बनवून घेतल्या, तो पिवळा बिग बर्ड त्यातूनच आला. आज तो पक्षी नसलेला सेसमी स्ट्रीट कुणी डोळ्यासमोर आणू शकत नाही.

तुला हे करायला लॅपटॉप, एक जास्तीचा मोबाईल आणि ओळखीची अंगणवाडी किंवा बालवाडी पुरे. बाईंची आणि पालकांची परवानगी घे. तुझा रविवारचा एक एपिसोड लाव, बाजूला मोबाईलवर फोटो फिरत ठेव, कदंबा बस, म्हशी, बोट, काहीही. एका वेळी एकच मूल. तू मागे बस आणि टीप. मला वाटतं तुला दिसेल की मूल बोलायला लागलं की बाकीची मुलं बघतात आणि पाहुण्यांचं स्वागत, मुख्याध्यापकांचे दोन शब्द सुरू झाले की मोबाईलकडे वळतात, पण माझं ऐकू नकोस, तूच बघ. मग एक छोटा तुकडा नवा शूट कर. माझ्या डोक्यात माटोळीच येते, कारण चवथीच्या आधी प्रत्येक घरात ती बांधतात आणि मुलं मान वर करून बघत असतात. पाच वर्षांच्या मुलाला नुसतं विचारायचं, हे काय टांगलंय, आणि ते आंबाडे, कांगलां, सुपारीचा घड, जे येईल ते सांगेल, चुकेल, बाजूची मुलगी त्याला दुरुस्त करेल. मध्ये निवेदिकेनं बोलायचं नाही. कांगल्यावर कॅमेरा नेऊन थांबायचं, घरी बसलेल्या मुलाला ओरडून उत्तर द्यायला तेवढा वेळ द्यायचा. ब्लूज क्लूज या अमेरिकेतल्या लहान मुलांच्या कार्यक्रमवाल्यांनी १९९६ मध्ये नेमकं हेच केलं, प्रश्न विचारून थांबणं, आणि एकच एपिसोड आठवड्यात पाच दिवस रोज दाखवणं. मोठ्यांना वाटतं मूल कंटाळेल, पण पुन्हा पुन्हा बघताना मुलं जास्त बोलायला लागतात, जास्त समजतं, त्यावर संशोधनही झालं. प्रत्येक एपिसोड बाहेर पडायच्या आधी ते मुलांसमोर तीनदा तपासून घ्यायचे, कच्च्या कल्पनेपासून.

ही टिपणं नीट टाइप कर, दोन पानं, त्यापेक्षा जास्त नको. मुंबईत पहिल्याच महिन्यात कुणीतरी म्हणेल मुलांना हे आवडत नाही, तेव्हा तुझ्याकडे ती दोन पानं असतील. मला स्वतःला मीटिंगमध्ये सगळ्यात जास्त ऐकलं गेलंय ते अशाच वेळी, मत बाजूला ठेवून 'या वयाची मुलं इथे उठून गेली' असं सांगितलं तेव्हा.

आणखी एक बाई, थोडक्यात, कारण तुझ्या रविवारच्या कार्यक्रमाला मुलांची पत्रं येत असणार. बीबीसीच्या ब्लू पीटर या मुलांच्या कार्यक्रमाच्या बिडी बॅक्स्टर, १९६५ ते १९८८ संपादक. लहानपणी त्यांनी मुलांच्या लेखिका एनिड ब्लायटनना पत्र लिहिलं, उत्तर आलं, केवढा आनंद. परत लिहिलं तर शब्दन् शब्द तेच उत्तर आलं. ते त्यांना इतकं लागलं की कार्यक्रम हातात आल्यावर त्यांनी पत्र लिहिणाऱ्या मुलांची कार्डं करून ठेवायची पद्धत सुरू केली, म्हणजे त्याच मुलानं पुन्हा लिहिलं तर मागच्या वेळी काय बोललो होतो ते बघून उत्तर द्यायचं. बाय, व्हॉट्सअ‍ॅपवर मुलं व्हिडिओ पाठवतात तेव्हा अंगठा पाठवून सोडू नका. नावानिशी उत्तर द्या, आणि कुणी काय पाठवलं ते कुठेतरी लिहून ठेवा. मुंबईला जायच्या आधी हे तुझ्या जागी येणाऱ्या माणसाला शिकवून जा.

यूट्यूबचं. मावसभावाला नाही म्हणू नकोस, पण पोट त्याच्यावर टाकू नकोस. २०१९ मध्ये अमेरिकेत मुलांचा डेटा परवानगीशिवाय गोळा केल्याबद्दल यूट्यूबनं १७ कोटी डॉलर भरून प्रकरण मिटवलं आणि जानेवारी २०२० पासून 'मुलांसाठी' असं मार्क केलेल्या व्हिडिओंवर प्रत्येकाच्या आवडीनुसार लागणाऱ्या जाहिराती जगभर बंद झाल्या, कमेंट बंद, बेलचं नोटिफिकेशन बंद. मुलांच्या दृष्टीनं चांगलं झालं. पण त्याचा अर्थ तेवढ्याच व्ह्यूजवर मोठ्यांच्या चॅनलपेक्षा मुलांच्या चॅनलला मिळणारा पैसा कमी, आणि मराठी-कोकणी बघणारी गोव्यातली मुलं किती ते तूच बघ. म्हणून ते चॅनल प्रयोगशाळा म्हणून ठेवा. माटोळीचा तुकडा तिथे टाका. मात्र त्याचे हक्क तुमच्या दोघांच्या नावावर राहू देत, कारण या धंद्यात खरी कमाई हक्कांची असते. हैदराबादचे राजीव चिलका बघ, २००१ मध्ये ग्रीन गोल्ड ही अ‍ॅनिमेशन कंपनी काढली, २००८ मध्ये पोगोवर छोटा भीम आला, चॅनल दुसऱ्याचं पण भीम त्यांचा, म्हणून पुढे सिनेमे, दुकानं, खेळणी सगळं त्यांना करता आलं.

आणि गोव्यात राहून, मुंबईत राहून, कुठेही, मुलांबरोबर शूट करताना एक कायदा पाठ पाहिजे, तो तुझ्या आत्ताच्या चॅनलवरही लागू पडू शकतो म्हणून जरा खडसावून सांगते. बालकामगार कायद्याचे २०१७ चे सुधारित नियम. १४ वर्षांखालचं मूल कार्यक्रमात कलाकार म्हणून काम करणार असेल तर प्रोड्युसरनं जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त नाही. पाच मुलांमागे एक जबाबदार माणूस नेमलेला पाहिजे. मुलाच्या कमाईतले किमान २० टक्के थेट त्याच्या नावावर राष्ट्रीयीकृत बँकेत फिक्स्डमध्ये. शूटला उशीर होतो, ऊन जातं, दिग्दर्शक म्हणतो अजून एकच टेक, मूल पेंगतंय, आई कोपऱ्यात काही बोलू शकत नाही. अशा वेळी 'पॅकअप' म्हणायचा हक्क कुणाचा? प्रोड्युसरचा. म्हणजे तुझा. तुझी शाळेतली मुलं गाणं म्हणून घरी जातात, ते वेगळं, पण उद्या तू कुणाला मालिकेत घेशील तेव्हा हे डोक्यात पक्कं बसलेलं असू दे, आणि वकिलाकडून एकदा नीट समजून घे.

आता आई. तिला कूनी आणि लेबोर्न सांगत बसू नकोस. तिला तीन गोष्टी हव्यात, पगार महिन्याला येतो का, मुलगी राहणार कुठे, आणि हे फसलं तर काय. तिची भीती खरी आहे, तू स्वतः कॉन्ट्रॅक्टवर आहेस आणि ते तिनं डोळ्यांनी बघितलंय. तर तिच्यासमोर ऑफर लेटर ठेव, ही कायम नोकरी आहे की इथेही कॉन्ट्रॅक्टच, पीएफ आहे का, मेडिकल आहे का, हे आधी एचआरला विचारून घे. मुंबईत वर्किंग विमेन्स हॉस्टेल बघून ठेव, एकदा तिला घेऊन जा, कोकण रेल्वेनं रात्रीत पोचता. आणि सांग की सरकारी परीक्षेची वयाची मर्यादा संपायला अजून बरीच वर्षं आहेत, दोन-अडीच वर्षांनी परत बसून बोलू. हे तिला फसवण्यासाठी सांगू नकोस, खरोखर बोल. दोन वर्षांनी तुला तिथे कुणी विचारत नसेल, नुसतं डबिंगच्या फाइली पुढे ढकलत असशील, एकाही नव्या शोच्या मीटिंगला बसवत नसतील, तर बाहेर पड. एलडीसी नाही दिलीस तरी आणखी चार दारं आहेत.

गोव्याशी धागा तोडू नकोस. दर नोव्हेंबरला इफ्फी, म्हणजे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, आपल्या दारात असते, २००४ पासून, आणि तिच्या जोडीनं फिल्म बाजार, देशभरचे नवे शो मंजूर करणारे कमिशनिंगवाले, ओटीटीवाले, बाहेरचे प्रोड्युसर पणजीत चहा पीत फिरत असतात. बहुतेक आपली मुलं तिथे सेलिब्रिटी बघायला जातात. तू यंदा मुलांच्या कार्यक्रमाची एक पानाची कल्पना घेऊन जा, आणि पुढच्या वर्षी चॅनलचा आयकार्ड गळ्यात घालून जा, लोक बोलायला थांबतील. पेडण्याचा दशावतार, सत्तरीचं रणमाले, माशेलचा चिखलकालो, हे सगळे गावचे खेळ बघत वाढलेली मुलगी जेव्हा मुंबईच्या त्या टेबलावर बसेल तेव्हा तिथे असं काहीतरी येईल जे आजवर आलेलं नाही, यावर माझा पूर्ण विश्वास आहे.

शेवटचं, आणि हे विसरू नकोस. नोकरीत असताना नोकरीचा भाग म्हणून जे लिहिशील बनवशील त्याचा मालक कॉपीराइट कायद्यानुसार कंपनी असते, करारात वेगळं काही लिहिलेलं नसेल तर. म्हणून रुजू व्हायच्या आधी तुझ्या डोक्यातल्या सगळ्या कल्पना, रविवारच्या कार्यक्रमाबाहेरच्या, माटोळीसकट, कागदावर उतरव. नुसतं 'मुलांचा शो' असं नको, पात्रं कोण, वय किती, एका एपिसोडमध्ये काय घडतं, दोन नमुना स्क्रिप्ट. स्वतःला ईमेल करून तारीख पाडून ठेव, मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनची मेंबर होऊन तिथे रजिस्टर करता आलं तर उत्तमच. मग एचआरला सांगून त्या शीर्षकांची यादी 'आधीचं स्वतःचं काम' म्हणून कराराला जोडून घे. ते नाराज होत नाहीत, रोजचं आहे त्यांना. नोटीस पिरियड किती आणि सोडल्यावर दुसऱ्या मुलांच्या चॅनलवर किती महिने जाता येणार नाही असं काही कलम आहे का, तेही बघ, सापडलं तर सही करायच्या आधी मला इथेच परत लिही.